दुहेरी तळाच्या थैल्या

धाकट्याला जुळ्या मुली झाल्या आणि दोघींतली कुठली कोण हे कळावं म्हणून आत्याने एकीच्या मनगटाला मेणाचा दोरा बांधला, त्या वर्षीची ही गोष्ट. खटल्याचं तेव्हा तिसरं वर्ष सरत आलं होतं. थैल्यांच्या कंत्राटासाठी टपाल खात्याकडून घेतलेली आगाऊ रक्कम व्याजासकट परत करायची, हा निकाल आधीच लागला होता. प्रश्न एवढाच उरला होता, की ती एकदम द्यायची की हप्त्यांनी. एकदम द्यायची तर शिलाईची आठही यंत्रं आणि डोक्यावरची पत्र्याची शेड लिलावात जाणार होती. हप्ते मिळाले तर कारखाना राहणार होता. सुनावणी सोमवारी होती. म्हणून रविवारी सकाळी सगळे कारखान्यात जमले. घरी मुली कुणाला दोन वाक्यं सलग बोलू देत नव्हत्या.

कारखान्यात खुर्च्या दोनच. एक वकीलबाईंना दिली, दुसरीवर आत्याची तेलाची बुधली होती आणि ती तिथून हलवायची हिंमत कुणात नव्हती. बाकीचे थैल्यांवर बसले. थैल्यांना तोटा नव्हता. खात्याने नाकारलेल्या चार हजार थैल्या भिंतीला लागून थेट छतापर्यंत रचलेल्या होत्या. जाड कॅनव्हासच्या, पितळी कड्यांच्या, सगळ्या एका मापाच्या. धाकटा त्यांना पाहुणे म्हणायचा. "जेवत नाहीत, पण जातही नाहीत."

वकीलबाईंनी चष्मा लावला आणि कागद वाचायला घेतला.

"सरकारी वकील साठ हप्त्यांना तयार आहेत. पाच वर्षं. दर महिन्याच्या पाच तारखेला कोषागारात भरायचे. पुढचं व्याजही सोडतात. फक्त मसुद्यात एक वाक्य आहे. 'पुरवठादार मान्य करतात, की त्यांनी पुरवलेला माल निकृष्ट होता.'"

आत्या तिसऱ्या यंत्राला तेल घालत होती. तिचा हात थांबला.

"परत वाचा."

वकीलबाईंनी परत वाचलं.

"तेवढं खोडा, बाकी सगळं चालेल," आत्या म्हणाली आणि चौथ्या यंत्राकडे वळली.

"ते खोडलं तर ते हप्त्यांना विरोध करतील, आत्या. खात्याचे हिशोब तपासनीस विचारतात, माल नाकारला तो का? फायलीत कारण लागतं."

"कारण लिहिलंय की त्यांनी. वजन जास्त. थैलीमागे दीडशे ग्रॅम."

"तेच तर आपण तीन वर्षं नाकारतोय," धाकटा म्हणाला. "आपण म्हणतो काटा चुकीचा, नाहीतर गिरणीचं कापड जड. दोन्ही कोर्टाने मानलं नाही. आता एका शब्दासाठी यंत्रं घालवायची?"

"तो शब्द मी लिहून देणार नाही," थोरला म्हणाला. त्याचा आवाज नेहमीसारखाच खाली होता. कंत्राटावर सही त्याची होती, तीन वर्षं साक्षीच्या पिंजऱ्यात उभा तोच राहिला होता, आणि या तीन वर्षांत त्याचे कानशिलांवरचे केस पांढरे झाले होते. "हे एकदा लिहून दिलं की पुन्हा कुठल्याही सरकारी कामाला अर्ज करायला नको. आणि ते जाऊ दे. खोटं आहे ते."

"दादा, पाच वर्षांनी माझ्या मुली शाळेत जातील. त्यांना विचारणार आहे का कुणी, की तुमच्या बापाची थैली निकृष्ट होती का?"

"मी विचारीन," आत्या म्हणाली.

वकीलबाई खोकल्या. त्यांनी कागद उलटा केला आणि खालच्या कोपऱ्यावर बोट ठेवलं. "एक सांगायला हवं. भागीदार दोन आहेत. त्यातल्या एकांची सही शुक्रवारीच झालेली आहे."

पत्र्यावर एक कावळा चालत होता, त्याची नखं ऐकू येत होती. थोरल्याने धाकट्याकडे पाहिलं नाही. आत्याने पाहिलं.

"कुणाला विचारून?"

"कुणाला विचारणार होतो? तुम्ही दोघं एकमेकांना विचारता आणि एकमेकांना हो म्हणता. या कारखान्यात मी फक्त वह्या लिहितो."

"मग त्या तरी नीट लिही."

हे आत्याने बोलायला नको होतं. धाकट्याच्या वह्या म्हणजे कोरीव काम होतं. एका थैलीला किती कापड, किती दोरा, किती कड्या, किती मेण, सगळं त्याने कंत्राटाच्या वेळी दशांशापर्यंत काढलेलं होतं. त्याच वह्यांच्या जोरावर थोरल्याने शपथेवर सांगितलं होतं की आमच्या हिशोबाने थैलीचं वजन बरोबर बसतं, तेव्हा जड असेल तर कापडच जड असणार.

धाकटा उठला, कपाटाकडे गेला आणि ती जाड वही आणून आत्यासमोर यंत्राच्या फळीवर आपटली. "दाखव. चूक दाखव. आत्ता."

वहिनी इतका वेळ दाराजवळच्या थैलीवर बसून होती. थोरल्याशी लग्न करून आली त्याला सोळा वर्षं झाली होती, तरी कारखान्याच्या बोलण्यात तिला कुणी विचारत नसे आणि तीही मध्ये पडत नसे. तिचे वडील वजनकाटे दुरुस्त करायचे. दुकानात पारडी टांगलेली, फळीवर वजनांच्या डब्या, हातांना कायम पितळेचा वास. तीन वर्षं नवरा कोर्टात 'काटा चुकीचा आहे' म्हणून सांगत होता, आणि तीन वर्षं तिला ते वाक्य घासातल्या खड्यासारखं लागत होतं.

"वहीत चूक नसेल," ती म्हणाली. "काट्यातही नसेल. काटा बिघडला तर सगळ्यांसाठी बिघडतो. आपल्याच चार हजार थैल्यांना दीडशे ग्रॅम, आणि दुसऱ्यांच्या थैल्यांना काही नाही, असा काटा माझ्या वडिलांनी चाळीस वर्षांत पाहिला नाही."

"अगं, मग काय म्हणायचंय तुला?" थोरला म्हणाला.

"म्हणायचं काही नाही. उसवून बघायचंय."

"काय?"

"एक आपली, आणि एक ती." तिने आत्याच्या कोपऱ्याकडे बोट केलं.

तिथे खिळ्याला खात्याची नमुन्याची थैली टांगलेली होती, शिशाची मोहोर लावलेली. कंत्राटाच्या वेळी ती आली तेव्हा आत्याने सगळ्यांना बजावलं होतं, नमुन्याला हात लावायचा नाही, लांबून बघायचं. लांबून बघून तिने टाके मोजले, कड्यांमधली अंतरं घेतली, तोंडाच्या दोरीचा पीळ ओळखला. शिलाईच्या बायका म्हणायच्या, आत्या नुसती नजरेनेच कापड कापते.

"मोहोर तोडायची?" आत्या म्हणाली.

"खटल्याचा निकाल लागलाय, आत्या. आता त्या मोहोरेला कोण विचारतंय?" वकीलबाई म्हणाल्या.

वहिनीने मोहोर तोडली. दोन्ही थैल्या कापायच्या मेजावर उलट्या करून शेजारी शेजारी ठेवल्या. छोटी कात्री घेऊन आधी नमुन्याचा तळ उसवला. एक टाका, दोन टाके, मग भराभर. दुमडलेला कॅनव्हास उघडला. आत काही नव्हतं. मग तिने आपल्या थैलीचा तळ उसवायला घेतला. तिथे कात्रीला जोर लागला. दोरा मेणाचा होता, टाके जवळ जवळ होते, आणि दर सातव्या टाक्याला उलटा टाका होता. दुमड उघडली. आतून वीतभर रुंदीची कॅनव्हासची दुसरी पट्टी निघाली. या टोकापासून त्या टोकापर्यंत, चारी बाजूंनी शिवलेली.

वहिनीने ती उसवून काढली आणि हातावर तोलली. सोळा वर्षं झाली होती, पण हात विसरला नव्हता.

"दीडशे," ती म्हणाली. "पाच ग्रॅम इकडे तिकडे."

धाकट्याने वही ओढून घेतली आणि पानं उलटायला लागला. तळपट्टी. तळपट्टी कुठेच नव्हती. असणारही नव्हती. पट्टी उरलेल्या तुकड्यांची शिवायची, आणि उरलेल्या तुकड्यांचा हिशोब या कारखान्यात कधी कुणी ठेवलाच नव्हता. त्याला ते तुकडे आठवले. लहानपणी तो त्यांच्याच ढिगाऱ्यावर झोपायचा.

"पट्टी तर असतेच की," आत्या म्हणाली. ती पट्टीकडे बघत होती. "तळाला पट्टी नाही तर काय? तळ एकेरी कसा असेल?"

आजोबांची गोष्ट घरात सगळ्यांना पाठ होती. आजोबा, म्हणजे आत्याचे वडील, गोदामावर हमाल होते. एकदा खिळ्यांचं पोतं जिन्यावर त्यांच्या पाठीवरच तळातून फाटलं. खिळे तीन मजले खाली गेले. नुकसान त्यांच्या मजुरीतून कापलं आणि वर कामावरून काढलं. त्यानंतर त्यांनी दाभण हातात घेतलं. पहिली थैली शिवली ती दुहेरी तळाची, आणि तेव्हापासून या घरात शिवलेल्या एकाही थैलीचा तळ एकेरी नव्हता. दाराला दोन बिजागऱ्या असतात तसा तळ दुहेरी असतो. बिजागऱ्या कुणी मोजत बसत नाही.

"तीन वर्षं," थोरला हळूच म्हणाला. "तीन वर्षं मी गिरणीवर आळ घेतला. शपथेवर."

"तुला माहीत नव्हतं, दादा."

"माहीत असायला हवं होतं." तो उठून उभा राहिला. "हे इथेच राहू दे. उद्या कोर्टात पट्टीचं काही काढायचं नाही. मी तिथे खोटा ठरेन, आणि खोट्या माणसाला कुठला न्यायाधीश हप्ते देतो?"

"सही करायची म्हणतोस मग?" आत्याने विचारलं.

थोरल्याने मेजाची कड धरली. सकाळपासून सही न करणारा तोच आता नाही म्हणत नव्हता.

"मी माझी सही मागे घेतो," धाकटा म्हणाला.

सगळ्यांनी वळून पाहिलं.

"काय बघता? शुक्रवारी मला वाटत होतं, माल खरंच कुठेतरी कच्चा असेल. आपण घरचे, आपल्याला दिसत नसेल." त्याने पट्टी उचलली आणि दोन्ही हातांनी ताणली. तिचा एक धागाही सरकला नाही. "याला निकृष्ट म्हणायचं? माझ्या वहीत चूक होती, ती मी मान्य करतो. हे नाही."

"तू सकाळी काय म्हणत होतास, आणि आता काय म्हणतोस!"

"दादा, तूही तेच करतोयस. फक्त उलट्या बाजूने."

वहिनीला हसू आलं आणि तिने ते पदराआड लपवलं. आत्याने तेलाची बुधली खुर्चीवरून उचलली, जमिनीवर ठेवली आणि खुर्चीवर बसली. ती खुर्चीवर बसल्याचं शिलाईच्या बायकांनी कधी पाहिलं नव्हतं.

"वकीलबाई," ती म्हणाली, "उद्या मला बोलता येईल का?"

"तुम्ही खटल्यात नाही आहात, आत्या. न्यायाधीशांनी परवानगी दिली तर."

"मागून बघा. चूक माझी आहे. ती दुसऱ्या कुणाच्या तोंडून निघालेली मला चालणार नाही."

*

कोर्टाची खोली लांबट होती. भिंतींचा रंग खांद्याच्या उंचीपर्यंत हिरवा आणि वर पांढरा. बाकं इतकी गुळगुळीत झालेली, की पुढचा माणूस सरकला की मागचाही सरकायचा. थोरला पहिल्या बाकावर बसला. त्याने रात्री ठरवलं होतं की गप्प राहायचं. आत्या त्याच्या डाव्या हाताला होती, मांडीवर कापडात गुंडाळलेली तळपट्टी. धाकटा आणि वहिनी मागे.

शिपाई कागदपत्रं घेऊन आला. दिवसभराच्या खटल्यांचे गठ्ठे त्याने खांद्यावरून उतरवून न्यायाधीशांच्या टेबलाखाली ठेवले, आणि जाता जाता पायाने जरा आत सरकवले.

आत्याने मान पुढे काढली. मग थोरल्याच्या कोपरावर हात ठेवला.

"काय गं?"

"काही नाही. बस."

न्यायाधीश आले. चेहरा थकलेला, पण डोळे जागे. सरकारी वकील उभे राहिले. उंच, पातळ, प्रत्येक वाक्यानंतर कागद सरळ करणारे. म्हणाले की तडजोड होत आली होती, पण आज सकाळी पुरवठादारांनी एक सही मागे घेतली आहे, म्हणून आता सरकारचा हप्त्यांना विरोध आहे. हप्ते ही सवलत आहे. सवलत मागणाऱ्याने आधी आपली चूक मान्य केली पाहिजे. माल निकृष्ट होता हे मान्य करायला यांना तीन वर्षं पुरली नाहीत.

"बरोबर बोलताहेत," न्यायाधीश वकीलबाईंना म्हणाले. "तुमचे लोक चूक मान्य करायला तयार आहेत की नाहीत?"

"आहेत, साहेब. फक्त कुठली चूक, ते त्यांच्या आत्यांना सांगायचं आहे. शिलाईचं काम त्यांच्याच हाताखाली चालतं."

"हे नव्याने पुरावा आणणं झालं," सरकारी वकील म्हणाले.

"मी पुरावा ऐकत नाही, हप्त्यांबद्दल ऐकतोय," न्यायाधीश म्हणाले. "बोला, बाई. थोडक्यात."

आत्या उभी राहिली. तिने पट्टी कापडातून काढून समोर धरली. थोरला खाली बघत होता. तिचा आवाज येईपर्यंत त्याला वाटत होतं की आपले पाय बाकाला शिवून टाकलेत.

"साहेब, खात्याच्या थैलीचा तळ एकेरी आहे. आम्ही दुहेरी शिवला. ही पट्टी आत घातली. दीडशे ग्रॅम हिचंच. काटा बरोबर होता, कापड बरोबर होतं. हे आम्हाला कालपर्यंत ठाऊक नव्हतं."

"ठाऊक नव्हतं? चार हजार थैल्यांत पट्टी घातली आणि ठाऊक नाही?" सरकारी वकील हसले.

"तुम्ही सकाळी बटणं लावलीत, वकीलसाहेब. किती लावलीत?"

मागच्या बाकावरून कुणीतरी हसलं. सरकारी वकिलांचा हात नकळत कोटाकडे गेला आणि परत खाली आला.

"साहेब," थोरला उभा राहिला. आपण उभे राहिलो हे त्यालाच नंतर कळलं. "शपथेवर मी सांगितलं होतं की गिरणीचं कापड जड आहे. ते चुकीचं होतं. गिरणीवाल्यांनी कापडाच्या वजनाचा कागद दाखवला तेव्हा मी तोही खोटा आहे म्हटलं होतं. तो खरा होता. त्यांच्याकडे जाऊन मी माफी मागणार आहे. हप्ते मिळोत न मिळोत." आणि बसला. वहिनीने मागून त्याच्या खांद्यावरचा दोऱ्याचा तुकडा उचलला. तिथे खरं तर दोरा नव्हताच.

न्यायाधीशांनी ते टिपून घेतलं. मग त्यांनी टपाल खात्याच्या कारकुनाला बोलावलं. कारकून गोलमटोल होता आणि घाबरलेला.

"दीडशे ग्रॅमने खात्याचं काय अडतं? या बाईंना सांगा."

"साहेब, भरलेली थैली आम्ही काट्यावर ठेवतो आणि रिकाम्या थैलीचं ठरलेलं वजन वजा करतो. उरतं ते टपालाचं. त्यावर वाहतुकीचे पैसे द्यावे लागतात. थैली जड असली तर न पाठवलेल्या टपालाचे पैसे आम्ही भरतो. रोजच्या हजार थैल्या, साहेब. दररोज."

आत्या ऐकत होती. तिचे ओठ हलत होते, ती गुणाकार करत होती.

"हे मला कंत्राटाच्या वेळी कुणी सांगितलं नाही," ती म्हणाली. "सांगितलं असतं तर... नाही, तरी तळ एकेरी ठेवायला माझा हात वळला असता की नाही, ते सांगता येत नाही. पण कंत्राट घेतलं नसतं. खातं बरोबर आहे, साहेब. माल परत केला तो बरोबर केला. पैसे मागतात तेही बरोबर. आम्ही सगळे देऊ, व्याजासकट. व्याज सोडायला नको."

वकीलबाईंनी डोळे मिटले.

"पण निकृष्ट म्हणू नका," आत्या म्हणाली.

"बाई," सरकारी वकील जरा मऊ आवाजात म्हणाले, "नमुन्याबरहुकूम नसलेला माल कागदोपत्री निकृष्टच असतो. तो मजबूत आहे की नाही, हे आता कुणी कसं सिद्ध करणार?"

"सिद्ध कशाला करायचं? तुमचे कागद ज्यात आलेत, ती आमचीच आहे."

"काय?"

आत्याने बोट दाखवलं. न्यायाधीशांनी टेबलाखाली वाकून पाहिलं. गठ्ठे ज्यातून आले होते ती कॅनव्हासची थैली होती. मळून काळी पडलेली, एक कडी गेलेली, तोंडाला मूळच्या दोरीऐवजी नाडी.

"शिपाई," न्यायाधीश म्हणाले, "ही कुठून आली?"

शिपाई पुढे आला. "साहेब... नोंदी ठेवायच्या खोलीत पडली होती. तीन वर्षं झाली. पुराव्यात आलेली होती, वजन करून झाल्यावर कुणी न्यायला आलं नाही. आमची नेहमीची थैली दर दोन महिन्यांनी फाटायची. म्हणून मी..."

"पुराव्यातली थैली तुम्ही वापरताय?"

"रोज, साहेब. दोन मजले. सकाळी भरून वर, संध्याकाळी भरून खाली." तो थांबला आणि मग जणू तिच्या बाजूने साक्ष देतोय अशा आवाजात म्हणाला, "एकदाही फाटली नाही, साहेब."

खोलीत हसू पसरलं. सरकारी वकीलही त्यातून सुटले नाहीत. आज सकाळी वर आलेल्या गठ्ठ्यांत सगळ्यांत जाड गठ्ठा त्यांच्याच फायलीचा होता.

"रिकामी करा," न्यायाधीश म्हणाले.

शिपायाने गठ्ठे टेबलावर रचले. थैली उलटी केली. न्यायाधीशांनी तळावर अंगठा फिरवला, मग नखाने टाके चाचपले.

"दर सातव्याला उलटा टाका आहे," आत्या म्हणाली. "बोटाला लागेल."

"लागतोय," न्यायाधीश म्हणाले.

मग त्यांनी थैली बाजूला ठेवली, हसू आवरलं आणि सरकारी वकिलांकडे पाहिलं. "मला कायद्याने थैलीचं कौतुक करता येत नाही. मला एवढंच पाहायचंय, की हे लोक पैसे देतील का. जो माणूस सोडलेलं व्याज परत मागून घेतो, तो हप्ता चुकवेल असं तुम्हाला वाटतं का?"

सरकारी वकिलांनी कागद सरळ केले. पुन्हा सरळ केले. "नाही वाटत, साहेब," ते म्हणाले.

हुकूम त्याच दिवशी झाला. साठ मासिक हप्ते, दर महिन्याच्या पाच तारखेला, व्याजासकट. लागोपाठ दोन चुकले तर उरलेली सगळी रक्कम एकदम, आणि यंत्रांवर जप्ती. मसुद्यातलं वाक्य खोडून त्या जागी लिहिलं गेलं, 'पुरवलेला माल नमुन्यापेक्षा वजनाने जास्त होता.' थोरल्याने सही केली. धाकट्याने दुसऱ्यांदा केली. आत्याने ते वाक्य एकेका अक्षरावर बोट ठेवून दोनदा वाचलं आणि मग म्हणाली, "हं. हे खरं आहे."

बाहेर पायऱ्यांवर धाकटा तिला म्हणाला, "व्याज सोडत होते, आत्या. तू परत गळ्यात बांधून घेतलंस."

"आपण चुकलो होतो ना?"

"हो, पण..."

"मग?"

धाकट्याने थोरल्याकडे पाहिलं. थोरल्याने वहिनीकडे. वहिनी म्हणाली, "माझ्याकडे काय बघता? मी नुसती उसवली."

मग थोरला हसला. तीन वर्षांत तो असा हसला नव्हता. आणि धाकट्याच्या पाठीवर त्याने जी थाप मारली तिच्यात शुक्रवारच्या सहीचा रागही थोडा होता, त्यामुळे ती जरा जोरातच बसली.

*

पाहुणे दोन वर्षांत निघून गेले. खिळे, साखळ्या आणि बिजागऱ्या विकणाऱ्या दुकानदारांना एकेरी तळाच्या थैल्या पुरत नव्हत्या, हे शोधून काढलं वहिनीने. वडिलांच्या जुन्या गिऱ्हाइकांकडे ती एक थैली घेऊन गेली आणि त्यांच्याच काट्यावर चाळीस किलो खिळे भरून दाखवले. धाकट्याने नवीन वही काढली. तिच्यात तळपट्टीचा वेगळा रकाना होता. थोरला गिरणीवाल्यांकडे गेला, तासभर बसला, आणि येताना उधारीवर कापडाचे चार तागे घेऊन आला. तिथे काय बोलणं झालं ते त्याने कधी सांगितलं नाही.

हप्ता भरायला दर महिन्याला आत्या स्वतः जायची. कोषागाराच्या खिडकीवरचा माणूस पहिल्या वर्षी तिला "पुढे या" म्हणायचा, दुसऱ्या वर्षी "या आत्या" म्हणायला लागला. पैसे ती एका छोट्या थैलीतून न्यायची. दुहेरी तळाची, तुकड्यांचीच शिवलेली. पावती घेऊन त्याच थैलीत ठेवायची आणि पायी परत यायची. मुली चालायला लागल्या तेव्हा कधी एकीला, कधी दुसरीला घेऊन जायची. मनगटाचा दोरा केव्हाच सुटला होता. खिडकीवरचा माणूस नावं उलटसुलट घ्यायचा आणि आत्या त्याला दर वेळी रागवायची.

साठातला एकही हप्ता चुकला नाही. एकही एका दिवसाने उशिरा गेला नाही. बेचाळिसावा हप्ताही पाच तारखेला, खिडकी उघडायच्या वेळी भरला गेला. तो थोरल्याने भरला. पैसे आत्याने मोजून त्या छोट्या थैलीत आधीच ठेवलेले होते. आत्या आदल्या दिवशी, चार तारखेला, मंगळवारी सकाळी गेली. तिला तेव्हा शहात्तरावं वर्ष चालू होतं.